राजकन्येचा मृत्यू, दोनदा चित्रित : एका कँटनी संगीतनाटकाचे दोन चित्रपट

संगीतनाटक पडद्यावर आलं की त्याचं काय होतं, हा प्रश्न आपल्याला नवा नाही. आपल्याकडे त्यावर पुष्कळ बोलून झालं आहे, आणि बहुतेक वेळा ते हळहळून झालं आहे. म्हणून आज आम्ही उदाहरण बाहेरचं घेतलं. हाँगकाँगचं. तिथे कँटनी भाषेतलं संगीतनाटक एका काळी चित्रपटाच्या हातात हात घालून चाललं, आणि त्यातल्या एका नाटकाचे दोन चित्रपट आपल्यासमोर आहेत. एक 1959चा, दुसरा 1976चा. नाटकाचं नाव ‘ताय न्वी फा’. शब्दशः सांगायचं तर ‘सम्राटाची मुलगी, एक फूल’.

आमचं म्हणणं सुरुवातीलाच सांगून टाकतो, म्हणजे तुम्हाला भांडायला वेळ मिळेल. यातला पहिला चित्रपट, जो साधा आहे, काळा-पांढरा आहे, ज्यात कॅमेरा फारसा जागचा हलत नाही आणि ज्याला पुष्कळ लोक ‘नुसतं नाटकाचं चित्रीकरण’ म्हणून बाजूला सारतात, तो दुसऱ्यापेक्षा चांगला चित्रपट आहे. नाटक चांगलं टिपलं आहे एवढ्यावर आम्ही थांबत नाही. चित्रपट म्हणूनच तो चांगला आहे.

आधी नाटक. लेखक टॉङ टिक-सांग. हा माणूस 1917 साली जन्मला, 1959 साली गेला. बेचाळीस वर्षांचं आयुष्य, आणि त्यात चारशेच्या वर नाटकं. आता चारशे नाटकं म्हटल्यावर तुमच्या मनात जी शंका येते ती बरोबर आहे. त्यातली बरीचशी धंद्याची होती, रात्रीत लिहून सकाळी तालमीला द्यायची. पण 1956 मध्ये ‘सिन फुंग मिंग’ नावाची मंडळी निघाली आणि तिच्यासाठी त्याने जी थोडी नाटकं लिहिली, ती वेगळ्याच तोलाची आहेत. ‘ताय न्वी फा’ त्यातलंच. 1957च्या जूनमध्ये ली थिएटरात पहिला प्रयोग झाला. मंडळीच्या केंद्रस्थानी दोन बायका. बाक सुट-सिन नायिकेचं काम करायची. नायकाचं काम करायची याम किम-फाय, तीही स्त्रीच. या गोष्टीकडे आपण परत येणार आहोत, कारण चित्रपटाचं सगळं कोडं तिथेच आहे.

कथा अशी. साल 1644. मिंग घराण्याचा शेवटचा सम्राट चोंगचेन. बंडखोर राजधानीत शिरतात. सम्राट आपल्या घरातल्या बायका शत्रूच्या हाती पडू नयेत म्हणून स्वतःच तलवार उपसतो, मुलींवर वार करतो आणि मग राजवाड्यामागच्या टेकडीवर जाऊन गळफास घेतो. इथपर्यंत इतिहास. थोरली राजकन्या चेउंग-पिंग वाराने मेली नाही. इतिहास सांगतो की तिचा हात गेला, पुढे नव्या मांचू राज्यकर्त्यांनी तिचं ठरलेल्या वराशी लग्न लावून दिलं आणि 1646 मध्ये ती वारली. एकोणिसाव्या शतकातल्या ह्वांग शिये-छिंग या लेखकाने त्यावर नाटक लिहिलं, आणि टॉङने त्या नाटकाचं हाड घेऊन मांस सगळं नवं चढवलं.

टॉङची राजकन्या आधी वराची परीक्षा घेते. चाऊ साय-हिन हा तरुण तिच्यासमोर येतो, शब्दाला शब्द जुळवतो, आणि दोघं राजवाड्यातल्या कापराच्या जोडझाडाखाली वचन घेतात. लगेच राज्य बुडतं. जखमी राजकन्येला चाऊ चुंग नावाचा म्हातारा मंत्री घरी नेतो (आडनाव तेच, पण नायकाचा कोणी लागत नाही). हे म्हातारबुवा आणि त्यांचे चिरंजीव तिला नव्या बादशहाला विकायचा घाट घालतात. ती निसटते, मेल्याची बतावणी होते, आणि एका मृत संन्यासिनीच्या नावाने ती मठात राहू लागते. त्या मठाचं नाव ऐकताना आपल्या कानाला काही ओळखीचं लागलं पाहिजे. ते विमलकीर्तीवरून आलं आहे, वैशालीचा तो गृहस्थ उपासक, संसारात राहून भिक्षूंना निरुत्तर करणारा, आणि ज्याचं मौन प्रसिद्ध. संन्यासाचं सोंग घेतलेल्या वधूला लपायला गृहस्थाच्या नावाचा मठ! टॉङने हे जाणून केलं असो वा नसो, नाव अचूक पडलं आहे.

मग बर्फ पडत असताना साय-हिन त्या मठापाशी येतो, तिला ओळखतो, आणि ती नाकारते.

या प्रवेशावर आपण थोडं थांबू. तसं पाहिलं तर यात काही घडत नाही. तो म्हणतो, तू राजकन्या आहेस. ती म्हणते, मी संन्यासिनी आहे, तुमची चूक होते आहे. तो आडून विचारतो, ती आडून उत्तर देते. प्रत्येक नकाराबरोबर तिचा आवाज थोडा जास्त ओळखीचा होत जातो. प्रेक्षकाला सत्य माहीत आहे, त्याला माहीत आहे, तिला तर माहीत आहेच. तरी पाऊण तासाच्या गाण्याइतकी ओढाताण होते. का? कारण ती मान्य करील त्या क्षणी ती पुन्हा सम्राटाची मुलगी होईल, आणि सम्राटाच्या मुलीने त्या दिवशी बापाबरोबर मरायला हवं होतं. ओळख देणं म्हणजे मरण पत्करणं. साय-हिनला हे कळत नाही असं नाही. कळत असूनही तो ओळख मागतो. आता सांगा, ही प्रेमकथा आहे की दुसरं काही? आम्हाला वाटतं, जगातल्या फार थोड्या प्रेमकथांत प्रियकराची मागणी इतकी निर्दय असते, आणि नाटक ती लपवत नाही.

पुढचं तुम्ही ओळखलं असेल. दोघं मिळून डाव रचतात. राजकन्या नव्या दरबारात यायला, लग्न करायला तयार होते. बादशहाला हे हवंच आहे, कारण जुन्या घराण्याची मुलगी सुखाने नांदते आहे हे दिसलं की जुनी प्रजा शांत होईल. बदल्यात ती दोन गोष्टी मागते : बापाचं रीतसर दफन आणि कैदेतल्या युवराज भावाची सुटका. दोन्ही पदरात पडल्यावर, लग्नाच्या रात्री, त्याच कापराच्या झाडाखाली, दोघं सोमल घातलेली दारू पितात. लग्नाचा प्याला तोच विषाचा.

इतिहासाची फारकत कुठे कुठे झाली ते थोडक्यात सांगतो, कारण ती सगळी एकाच दिशेने झाली आहे. मांचू बादशहा त्या वेळी सहा-सात वर्षांचं पोर होतं. नाटकात तो पोक्त, धूर्त राजा आहे. रंगभूमीवर अनेकदा बुडालेला सम्राट आणि जिंकलेला बादशहा एकच नट करतो, म्हणजे बापानेच दुसऱ्यांदा मुलीला सिंहासनापुढे उभं केलं असं दिसतं. युवराजाच्या वाट्याला इतिहासात असली सुटका आली नाही. आणि हात. रंगमंचावरची राजकन्या दोन्ही लांब बाह्या फेकत गाते. कँटनी नाटकात बाही म्हणजे अर्धा अभिनय. एक बाही कमी केली तर नायिकेची जीभच कापल्यासारखं. गंमत अशी की 1956 मध्ये त्याच हाँगकाँगात जिन योंग वर्तमानपत्रातून एक शस्त्रकथा क्रमशः लिहीत होता, तिच्यातही हीच राजकन्या आहे. तिथे तिचा हात जातो, आणि पुढे ती एका हाताची संन्यासिनी म्हणून जगते. एकाच शहरात, वर्षाच्या अंतराने, एक राजकन्या हात गमावून जगली आणि दुसरी दोन्ही हात शाबूत ठेवून मेली.

त्या शहराबद्दल दोन शब्द. दुसरं महायुद्ध संपलं तेव्हा हाँगकाँगची वस्ती सहा लाखांच्या घरात होती. 1949 नंतर निर्वासितांचे लोंढे आले आणि काही वर्षांत ती वीस लाखांपलीकडे गेली. 1953च्या नाताळात शेक किप मेईच्या झोपड्यांना आग लागून पन्नास हजारांवर माणसं एका रात्रीत उघड्यावर आली. अशा गर्दीपुढे ‘राज्य बुडालं, आता नव्या राज्यात कसं जगायचं’ हे नाटक झालं. म्हणून काही टीकाकार या नाटकाला सरळ राजकीय रूपक ठरवतात. आम्हाला ते अर्धंच पटतं. नाटकात नव्या राजवटीशी जुळवून घेणारा चाऊ चुंग विनोदी पात्र आहे, आणि प्रेक्षक त्याला हसतो. पण खुर्चीत बसलेला प्रत्येक जण जुळवून घेऊनच जगत होता. त्या हसण्यात स्वतःची ओळख पटलेली आहे. रूपकात इतकी अडचण मावत नाही.

आता गाणं. शेवटच्या प्रवेशातलं द्वंद्वगीत एका जुन्या, पिपावर वाजणाऱ्या चालीवर बांधलेलं आहे. चालीवर शब्द बसवणं आपल्याला काय सांगायला हवं? ‘मानापमान’पासून आपले कान त्याला सरावले आहेत. पण फरक ध्यानात घ्या. मराठीत चाल वर गेली आणि शब्द खाली राहिला तर फार तर उच्चार ताणला जातो, अर्थ मोडत नाही. कँटनी ही सुरांची भाषा. तोच उच्चार वरच्या सुरात एक शब्द, खालच्या सुरात दुसरा. चालीने उलटं वळण घेतलं की शब्दच बदलतो, आणि मरणाच्या गाण्यात भलताच अर्थ निघून हशा पिकू शकतो. टॉङने त्या जुन्या चालीत असे शब्द ठेवले की गाताना बोलल्यासारखं वाटतं. म्हणूनच ते गाणं घराघरात गेलं. आज हाँगकाँगच्या लग्नाच्या जेवणावळीतसुद्धा कोणीतरी हौशी ते गातो. विष पिण्याचं गाणं, लग्नात! त्याची विडंबनं तर किती झाली. मुळात मजबूत असल्याशिवाय एखाद्या गाण्याची इतकी थट्टा होत नाही.

आता 1959चा चित्रपट. दिग्दर्शक त्सो केई. 1950च्या दशकातला कँटनी चित्रपटधंदा आपण लक्षात ठेवू या : नाटकांवरचे चित्रपट ढिगाने निघत, पैसा थोडा, घाई फार. सात दिवसांत उरकलेल्या चित्रपटांना तिथे ‘सात दिवसांचा ताजा माल’ असं नावच पडलं होतं. त्या बाजारात हा चित्रपट त्यामानाने नेटका आहे. साडेतीन-चार तासांचं नाटक दोन तासांच्या आसपास आणलं आहे. कापताना कुठे कात्री चालली? दरबाराच्या चाली, मंत्र्यांचे कट यांच्यावर. मठातला प्रवेश आणि मरणाचा प्रवेश यांना त्यांचा वेळ दिला आहे. दिग्दर्शकाचा हा निर्णय आम्हाला फार महत्त्वाचा वाटतो. कथा सांगणाऱ्याने उलट केलं असतं.

आणि इथे याम किम-फाय. हाँगकाँगात स्त्री-पुरुषांनी एकत्र रंगभूमीवर येण्यावर 1933पर्यंत बंदी होती. म्हणून सगळ्या स्त्रियांच्या मंडळ्या, सगळ्या पुरुषांच्या मंडळ्या. याम स्त्रियांच्या मंडळ्यांतून पुरुषाची भूमिका करत मोठी झाली. (1933 हे साल आपल्यालाही ओळखीचं आहे. त्याच साली ‘नाट्यमन्वंतर’ने ‘आंधळ्यांची शाळा’त स्त्रियांना स्त्रियांच्या भूमिका दिल्या. योगायोगच, पण आपल्याकडे त्या वाटेने स्त्रीपार्टी नटाचं युग मावळलं, तिथे बंदी उठूनही पुरुष झालेली स्त्री टिकली.) आता नाट्यगृहात विसाव्या रांगेतून स्त्री पुरुष वाटणं सोपं आहे. कॅमेरा चार हातांवर आला की काय? बालगंधर्वांचं काय झालं आठवा. 1935च्या ‘धर्मात्मा’त ते एकनाथ झाले, पुरुषवेषात, ज्या रूपासाठी लोक जीव टाकत ते रूप पडद्यावर आणायची वेळ आली तेव्हा दुसरीच वाट काढावी लागली.

याम पडद्यावर पुरुषच राहिली, तीनशेच्या आसपास चित्रपटांत. कसं जमलं? आमचं उत्तर असं. ती पुरुषाची नक्कल करत नाही. मिशी नाही, छाती काढून चालणं नाही, आवाज मुद्दाम जाड केलेला नाही. ती करते ती एका विशिष्ट पुरुषाची कल्पना : समोरच्या बाईचं पूर्ण ऐकून घेणारा. मठाच्या प्रवेशात बाक सुट-सिन नाकारत असताना याम नुसती ऐकते. मान थोडी कललेली. कॅमेरा हलत नाही, म्हणून ते ऐकणं दिसतं. यामच्या चाहत्यांत स्त्रिया बहुसंख्य होत्या, घरकाम करून पोट भरणाऱ्याही त्यांत पुष्कळ. तिला ‘नाटकवेड्यांचा प्रियकर’ म्हणत. त्यांना खऱ्या पुरुषात जे मिळत नव्हतं ते कॅमेऱ्याने जवळ आणून दाखवलं. जवळ गेल्याने सोंग उघडं पडण्याऐवजी पक्कं झालं. आम्ही वर म्हटलं ना, साय-हिनची मागणी निर्दय आहे? ती मागणी या चेहऱ्यातून येते म्हणून सहन होते. खऱ्या पुरुष नटाने ती केली असती तर आपण उठून गेलो असतो.

आता दुसरा चित्रपट. दिग्दर्शक जॉन वू. हो, तोच. दोन हातांत दोन पिस्तुलं आणि उडणारी कबुतरं, तोच. पण ते सगळं 1986 नंतरचं. 1976 मध्ये तो तिशीत होता, गोल्डन हार्वेस्टसाठी काम करत होता, आणि त्याआधी चांग चेह या मारधाडपटांच्या दिग्दर्शकाच्या हाताखाली शिकला होता. नायक-नायिकेच्या भूमिकांत याम आणि बाक यांनी स्वतः घडवलेल्या शिष्या, लुंग किम-सांग आणि मुई सुट-सी. चित्रपट रंगीत, देखणा. राजवाडा पडतो तो प्रवेश वूने जोरात केला आहे. बापाची तलवार इथे खरंच भीती घालते, आणि पहिल्या चित्रपटात हा भाग त्यामानाने लुळा आहे हे मान्य केलंच पाहिजे. ज्याला नाटक ठाऊक नाही त्याने आधी हाच पाहावा, असंही आम्ही सांगू.

मग तक्रार काय? तक्रार वेगाची. वूला रिकामी जागा सोसत नाही. गाणं लांबतं आहे असं वाटलं की तो कॅमेरा पुढे सरकवतो, बाजूने नेतो, दुसऱ्याचा चेहरा दाखवतो. मारामारीत हे बरोबर आहे. मठात नाही. तिथे सगळा अर्थ लांबण्यात आहे. ती किती वेळ नाकारू शकते हेच पाहायचं असताना तुम्ही घड्याळ पुढे ढकललंत, तर उरतो तो फक्त निकाल : ओळखलं, गळ्यात पडले, पुढे चला. शेवटच्या प्रवेशातही विष पिणारी दोन माणसं वीर दिसतात. बलिदान, निष्ठा, शेवटची नजर. वूच्या पुढच्या सगळ्या चित्रपटांचं बीज इथे आहे असं म्हणतात ते खरं आहे. पण त्सो केईच्या चित्रपटात तीच दोन माणसं वीर कमी आणि नवरा-बायको जास्त दिसतात. ती घाबरते, तो तिला सावरतो, मग तो डळमळतो. रीत म्हणून पेला भरायचा, रीत म्हणून एकमेकांना द्यायचा. संथ चाललेलं लग्न. मरण त्या रीतीच्या पोटात आहे, वरून चिकटवलेलं नाही.

लुंग किम-सांगबद्दल एक वाक्य अन्याय होऊ नये म्हणून : ती गाते उत्तम, दिसते उमदी. तिच्या साय-हिनमध्ये याम सतत दिसते, हा तिचा दोष म्हणायचा की शिष्येचा धर्म, ते तुम्ही ठरवा.

आणि इथूनच आमच्या मनातली खरी अडचण सुरू होते. पहिला चित्रपट इतका चांगला आहे की त्याने नाटकाचं नुकसान केलं का? 1959च्या सप्टेंबरात टॉङच्या पुढच्या नाटकाचा पहिला प्रयोग ली थिएटरात चालू होता. प्रेक्षकांत बसलेला टॉङ तिथेच कोसळला आणि गेला. याम-बाक जोडीने त्यानंतर काही वर्षांतच रंगभूमी जवळजवळ सोडली. 1968 मध्ये ‘ली राजा’वरचा त्यांचा महागडा रंगीत चित्रपट आला, तो पडला. याम 1989 मध्ये वारली. ली थिएटर 1991 मध्ये पाडलं. मागे काय राहिलं? हा चित्रपट, आणि 1960ची ध्वनिमुद्रिका. पुढच्या पिढीला तीच पोथी झाली. कुठे श्वास घ्यायचा, कुठे बाही फेकायची, कुठे मान कलवायची, सगळं ठरून गेलं. आपल्याकडे बालगंधर्वांच्या तबकड्यांनी पिढ्यांचे गळे कसे बांधले हे ज्याने ऐकलं आहे, त्याला हे वेगळं सांगायला नको.

टॉङच्या काळात कँटनी नाटक वाहतं होतं. वादक नटाकडे बघून वाजवत, नट त्या दिवशीच्या गर्दीकडे बघून लांबवत. याम स्वतः अशा रीतीत वाढली होती. तिने मठाचा प्रवेश दोन रात्री सारखा केला असेल असं आम्हाला वाटत नाही. चित्रपटाने त्यातली एक रात्र पकडली, आणि ती रात्र कायदा झाली.

2006 मध्ये बाक सुट-सिन यांनी नाटकाच्या पन्नाशीनिमित्त ते पुन्हा मंचावर आणलं. वय अठ्ठ्याहत्तर, स्वतः निर्मितीची सूत्रं हातात घेऊन, लुंग आणि मुई याच शिष्यांना उभं करून. 2009 मध्ये युनेस्कोने कँटनी संगीतनाटकाला वारसा म्हणून मान्यता दिली. दोन्ही गोष्टी आनंदाच्या. पण तुम्ही 1959चा चित्रपट पाहिलात तर एक करून बघा. मठाच्या प्रवेशात गाणाऱ्या बाककडे पाहू नका, ऐकणाऱ्या यामकडे पाहा. तिथे एक-दोन ठिकाणी ती मान हलवायला किंचित उशीर करते, बाकने अपेक्षेपेक्षा जास्त ताणलं असावं असा. ते कोणत्याही संहितेत लिहिलेलं नाही, आणि शिष्यांनीही ते उचललेलं नाही.

प्रश्न असतील तर आता घेऊ.